पुठ्ठ्यावरचा बाजार

सोमवार, ६ जानेवारी

वाकड्या रेघा! माझ्या चित्राला वाकड्या रेघा म्हणाला — आणि स्वतः दिवसभर काय बघत बसतो? वाकड्या रेघाच!

झालं असं. दुपारी दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. मी गल्ल्यामागं बसून खोक्याच्या पुठ्ठ्यावर उगाच ब्रश फिरवत होते. निळा, त्यावर पिवळा. कशाचंच चित्र नाही, नुसता रंग. श्रीशैलनं मोबाइलमधून डोकं वर काढलं. "हे काय काढायलीस? काय हाय ते तरी कळू दे." म्हटलं, काही नाही, रंग आहे. "मग वाकड्या रेघाच की," म्हणाला, आणि डोकं परत मोबाइलमध्ये.

(कागदावर मी श्रीशैलच लिहिणार. लग्न झाल्यापासून तोंडानं 'अहो' म्हणते, तेवढं पुरे. इथं कोण ऐकायला बसलंय!)

रागानं उठले आणि त्याच्या पाठीमागं जाऊन उभी राहिले. म्हटलं बघू तरी याच्या सरळ रेघा. तर काळ्यावर लाल-हिरव्या कांड्या उभ्या. कुठं लांब, कुठं बुटक्या. प्रत्येकीच्या डोक्यावर एक बारीक वात, पायाशी एक. मधेच एक हिरवी सगळ्यांना सोडून वर गेलेली, आणि तिच्या पुढं लाल, लाल, लाल अशी उतरण. मी रागवायचं विसरले. असं काही मला जमलं असतं तर मी भांड्यांच्या मांडणीवर चढून नाचले असते!

"लय सुंदर हाय हो हे," म्हटलं.

"सुंदर काय त्यात! शेअरबाजार हाय तो," म्हणाला आणि मोबाइल उपडा ठेवला.

मंगळवार, ७ जानेवारी

सकाळपासून कांड्याच दिसतात. मांडणीवरची पेल्यांची उतरंड — कांड्या. अंगणात वाळत घातलेल्या मिरच्या — लाल कांड्या. बसस्टँडवर गंगाखेडच्या गाडीची वाट बघत उभी असलेली माणसं — तीसुद्धा!

एकजण वडिलांच्या वर्षश्राद्धाला वाटायच्या कळशा घेऊन आला. नाव टाकायची मशीन हातात धरली आणि 'स्मरणार्थ'चा काना खाली जात जात जातच राहिला. "ताई, काना बुडापर्यंत न्हेता का काय?" म्हणाला बिचारा. ती कळशी आम्हालाच ठेवून घ्यावी लागली.

मी परभणीला ए.टी.डी. केलं. चित्रकलेच्या शिक्षकाची जागा निघेल निघेल म्हणून वाट बघितली. जागा निघाली नाही, लग्न निघालं. इथं पालमला सासरचं भांड्यांचं दुकान, आणि माझं अक्षर चांगलं. तेव्हापासून हा हात लोकांची नावं टाकतोय. अर्ध्या तालुक्याच्या फडताळात माझं अक्षर आहे. माझं नाव मात्र एका पेल्यावर नाही!

बुधवार, ८ जानेवारी

आज हसून हसून पुरेवाट. सकाळी चहा घेऊन आले. देवघरात आत्याबाई — म्हणजे सासूबाई, गंगम्मा — कपाळाला भस्माचे पट्टे, डाव्या तळहातावर इष्टलिंग, नजर त्याच्यावर खिळलेली. बाहेर ओसरीवर त्यांचे चिरंजीव. डाव्या तळहातावर मोबाइल, नजर त्याच्यावर खिळलेली. दोघांची पापणी हलेना. मी मधे कपबशी घेऊन उभी! कुणाला हाक मारावी?

पूजा आटोपल्यावर आत्याबाई म्हणाल्या, "त्याला दे आधी. माझा देव कुठं पळून जात न्हाई. त्याचा पळायलाय."

मंगळवार, १४ जानेवारी. संक्रांत

वाणाच्या वाट्या, वाट्या आणि वाट्या. हात मोडून आला. तीळगूळ खा, गोड बोला आणि माझ्याशी कुणीच बोलू नका.

गुरुवार, १६ जानेवारी

काढलं! काढलं एकदाचं!

मोठ्या कुकरच्या खोक्याचा पुठ्ठा सरळ केला. हार्डवेअरच्या दुकानातून काळा ऑइलपेंट आणला, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीला मारतात तो लाल, आणि खिडक्यांना मारतात तो पोपटी. दुकानदार विचारत होता, दार रंगवायचं का खिडकी. म्हटलं, भिंतीला खिडकी पाडायचीय.

मोबाइलमध्ये बघून काढलं नाही. एक कांडीसुद्धा बाजारातली नाही, सगळ्या माझ्या. कुठं उंच करायची, कुठं बसवायची, कुठं मोकळा काळा सोडायचा, ते माझं मी ठरवलं. शेवटी एक हिरवी, अशी ताठ, की तिच्यापुढं काही काढायची हिंमत होऊ नये.

कुकरच्या मांडणीवर खिळा मारून टांगलं. श्रीशैल बराच वेळ बघत होता. मग म्हणाला, "शेवटून दुसरी जरा बुटकी पायजे होती." झालं! आला बाजार मधे! म्हटलं, "तुमच्या मोबाइलमधला भाव न्हाई हा. चित्र हाय." तो शटर ओढायला गेला.

शुक्रवार, १७ जानेवारी

आत्याबाईंनी चित्राला कुंकू लावलं!!

आमच्या घरात नवी वस्तू आली की तिला हळदीकुंकू लागतं. मिक्सरला लागलं, पंख्याला लागलं. श्रीशैलच्या नव्या मोबाइललाही लागलं होतं, तेही नेमकं बोलायच्या जाळीवर. मग कित्येक दिवस समोरच्याला याचा आवाज खोलातून यायचा. पण चित्राला लावतील हे माझ्या स्वप्नातही नव्हतं. ऑइलपेंट अजून ओला. आत्याबाई स्टुलावर चढल्या (या वयात!), आणि हाताला आली ती जागा म्हणून त्या ताठ हिरवीच्या माथ्यावर चांगलं बोट भिजवून कुंकू टेकवलं. ते पसरलं, रुतलं आणि तिथंच वाळलं.

मी ओरडले. त्या उलट माझ्यावरच. "कुंकू लावल्याबिगर नवी वस्तू भितीवर टांगलीस कामून? अन् बरं दिसायलंय की आता."

बरं दिसतंय. तेच तर दुखणं आहे! ती हिरवी नुसतीच वर पळत होती, त्या लालनं तिला धरून ठेवलं. चित्र खरं तिथं पुरं झालं. पण हे आत्याबाईंना मी मेले तरी सांगणार नाही.

सोमवार, २० जानेवारी

आज व्यंकटराव आणि हरिओमनं चित्र बघितलं. व्यंकटराव म्हणजे आमच्या दुकानाच्या बाकावरची रोजची स्वारी. जमीन रग्गड, कष्ट सालगड्याचे, आणि स्वतः सकाळपासून शेअरबाजारात. हरिओमचं समोर मोबाइल दुरुस्तीचं दुकान. त्यानंच अर्ध्या पालमला बाजाराचा नाद लावला.

व्यंकटराव चष्मा पुसून उभे राहिले. मला वाटलं, चला, कुणीतरी बघतंय!

"वैनी, कुठल्या कंपनीचं हाय हे?"

"कंपनी न्हाई, चित्र हाय."

"चित्र तर हायच. पण कुठल्या कंपनीचं?"

तोवर हरिओमनं फोटो काढून मोठा केला. "काका, हे बगा. कप अँड हँडल!" (भावाच्या रेघांच्या एका आकाराचं हे म्हणे नाव.) म्हटलं, बाबा रे, आम्ही कप विकतो. याला कान कुठंय? बूड कुठंय? चहा ओतला तर सगळा सांडेल. पण ऐकतो कोण! व्यंकटरावांचं बोट कुंकवावर. "माथ्यावर लाल आलंय. लय वर गेलंय, आता उलटतंय हे." दोघांनी बाकावर बसल्या बसल्या होते नव्हते तेवढे शेअर विकून टाकले.

ते सासूबाईंचं बोट आहे हो, असं मी दोनदा सांगितलं.

मंगळवार, २१ जानेवारी

बाजार पडला.

व्यंकटराव पेढे घेऊन आले. "वैनी, तुमच्या हातात देवी हाय!" कावळा बसायला आणि फांदी मोडायला एक गाठ, आणि हे कावळ्याच्याच पाया पडायलेत! आत्याबाई पेढा खाऊन म्हणाल्या, "खवा चांगला हाय."

शनिवार, २५ जानेवारी

दुकान आहे का ज्योतिषाचं घर? हरिओमनं तो फोटो कुठल्या कुठल्या ग्रुपवर टाकला. आज पिंगळीहून एकजण मोटरसायकलवर आला. आत येऊन हात जोडले. मला नाही, भिंतीला! मग लाज वाटून एक चमचा घेऊन गेला.

मी मुद्दाम दुसरं चित्र काढलं. सगळ्या कांड्या सारख्या, बुटक्या, एका ओळीत, राखाडी. यातून काय काढता बघू! व्यंकटरावांनी मान डोलावली. "बाजार झोपणार." तिसरं काढलं, नुसतं पांढऱ्यावर काळं. हरिओम कुजबुजला, "मोठी मंडळी बाजारात शिरायलीत." गाढवाला गुळाची चव काय! यांच्यासमोर मी पोळीचा डाग ठेवला तरी हे त्यात नफा शोधतील.

श्रीशैलनं पहिलं चित्र उचलून समोरच्या भिंतीवर लावलं. "तिकडं उजेड बरा हाय," म्हणाला. बाकावरच्या मंडळींची सोय! दुसरं काय असणार.

गुरुवार, ३० जानेवारी

धम्मानंद सरांचा फोन! ए.टी.डी.ला आमच्या पुढं होते, आता परभणीच्या एका शाळेत चित्रकला शिकवतात. जिल्ह्यातल्या चित्रकारांचं प्रदर्शन भरवतायत, २२ आणि २३ फेब्रुवारीला. म्हणाले, "तुझ्या चित्राचा फोटो फिरत फिरत माझ्याकडं आला. पाच चित्रं आण. नावासह."

नावासह! फोन ठेवल्यावर मी आत जाऊन तोंडात पदर धरून हसले, मग थोडी रडलेही. वय झालं तरी ही खोड सुटत नाही.

श्रीशैलला सांगितलं. त्यानं मोबाइल खाली ठेवला. "एखादा नंदी काढ की. लोकांना कळंल असं."

नंदी नाही काढणार. मोर नाही, बैलगाडी नाही, डोक्यावर घागर घेतलेली बाई तर नाहीच नाही! आपल्या गावातली बाई घागर घेऊन कधी अशी कंबर वाकवून उभी राहते का? पाणी सांडेल!

रविवार, २ फेब्रुवारी

व्यंकटराव घरी आले. "दर रविवारी एक चित्र काढा. सोमवारी बाजार उघडायच्या आत दाखवा. फायद्यात तुमचाबी वाटा." म्हटलं, "मी फर्माईशीवर काढत न्हाई." "आवं वैनी, दोन लाल, दोन हिरव्या! त्यात काय एवढं?"

"मग तुमीच काढा," म्हटलं आणि ब्रश हातात दिला. खरंच घेतला त्यांनी! जीभ बाहेर काढून एक हिरवी कांडी काढायला लागले. वर, वर, आणखी वर — पुठ्ठा संपला, भिंतीवर गेले. श्रीशैल इतका हसला की त्याला ठसका लागला. किती दिवसांनी तो असा हसला.

शनिवार, ८ फेब्रुवारी

पाच झाली. पाचव्यात उंच हिरव्यांची रांग, एकीपेक्षा एक चढती, आणि खाली अख्खा काळा मोकळा. ही रांग मला आमच्या माहेरच्या ज्वारीसारखी वाटते. दुकानात वाळत ठेवलंय. आत्याबाईंना आधीच हात जोडून सांगितलं, कुंकू चौकटीला लावा.

मंगळवार, ११ फेब्रुवारी

आज फार वाईट झालं.

व्यंकटरावांनी म्हणे ती चढती रांग बघितली, पोखर्णीला जाऊन नृसिंहाला नारळ फोडला आणि काल डोळे झाकून खरेदी केली. आज बाजार गडगडला. दुपारी दुकानात गिऱ्हाईक भरलेलं असताना आले आणि बाकावर न बसता उभ्यानंच ओरडायला लागले. "तुमच्या चित्रानं घात केला माझा! लोकांला भुलवायचे धंदे! काढा ते भितीवरून!"

मी म्हटलं, "मी तुमाला घ्या म्हणलं होतं का?"

"हिरवं कामून काढलं मग?"

याला उत्तर काय देणार माणूस? मला हिरवा रंग आवडतो, हे खरं उत्तर. तेच दिलं. ते आणखी भडकले. पुतणीच्या लग्नाची सगळी भांडी आमच्याकडून घ्यायची ठरली होती, रुखवताच्या परातींवर घालायची नावंसुद्धा मी लिहून घेतली होती. "लग्नाची भांडी आमी गंगाखेडला घेऊ," म्हणाले आणि चालायला लागले. तेवढ्यात आतून आत्याबाई. "पेढे वाटले तवा चित्र चांगलं व्हतं, न्हाई का व्यंकटराव?" ते मागं न बघता गेले. दुकानातल्या बायका एकमेकींकडं बघत राहिल्या आणि एकेक करून हातातली भांडी ठेवून निघाल्या.

मला वाटलं, आता तरी श्रीशैल माझ्या बाजूनं एक शब्द बोलेल. तो म्हणाला, "थोडे दिवस काढून आत ठिव. परभणीलाबी नको न्हेऊ. व्यंकटराव तिथंबी येऊन तमाशा करतील."

फार लागलं. लग्नाच्या ऑर्डरीपेक्षा जास्त लागलं. बाहेरच्यांना चित्रातला भाव दिसतो, याला लोकांचं तोंड दिसतं. चित्र कुणालाच दिसत नाही. इतकी वर्षं दुसऱ्यांची नावं टाकली, सरळ ओळीत, एक अक्षर चुकू न देता. एकदा माझं नाव एका भिंतीवर लागणार, तर ते आत ठेवायचं?

नेणार! पाचही नेणार! येऊ दे व्यंकटरावांना, बँडबाजा घेऊन येऊ दे!

बुधवार, १२ फेब्रुवारी

अबोला. जेवणं झाली. नंदी काढला नाही.

गुरुवार, १३ फेब्रुवारी

अबोला. आत्याबाई मधल्या मधे दोघांचे निरोप पोचवून कंटाळल्या. "तुमी दोघं बोलत न्हाई अन् माझंच तोंड दुखायलंय."

शुक्रवार, २१ फेब्रुवारी. परभणी

पोचले. चित्रं सरांकडं दिली, मामेबहिणीकडं उतरलेय.

सकाळी आत्याबाईंचं जुनं लुगडं काढून त्यात चित्रं गुंडाळायला गेले, तर श्रीशैलनं आधीच बांधून ठेवलेली. काचेचे सेट बांधतो तशी — मधे पेपर, कोपऱ्यांना गवत, वरून सुतळी कसलेली. म्हटलं, चलता का? "दुकान कोण बघंल?" हे उत्तर मला माहीत होतं. तरी विचारलं आणि तरी वाईट वाटलं.

गाडीत कंडक्टर. "मावशी, पलंग हाय का?" मावशी! "चित्रं आहेत," म्हटलं. "कशाची?" "माझी," म्हटलं. त्यानं सामानाचं तिकीट फाडलंच. पोखर्णीला नृसिंहाच्या दर्शनाची माणसं चढली, गर्दी झाली, पण मी गठ्ठा कुणाच्या पायाखाली जाऊ दिला नाही. परभणीपर्यंत उभ्यानं आले, गठ्ठा सीटवर!

शनिवार, २२ फेब्रुवारी

सगळं लिहून ठेवते. आजचा दिवस विसरायचा नाही.

हॉलमध्ये गेले तर माझी पाचही चित्रं टांगलेली. शेजारी कुणीतरी काढलेला मोठा नंदी, डोळ्यांत पाणी आणलेला. आणि माझ्या प्रत्येक चित्राखाली एक छापलेला कागद. मला वाटलं नाव असेल. वाचलं — 'ही चित्रे म्हणजे गुंतवणुकीचा सल्ला नाही.' नाव कुठंच नाही!

धम्मानंद सर हात चोळत आले. "शिवानी, समजून घे. पालमहून कुणा व्यंकटरावांचा फोन होता. तक्रार करीन म्हणतात. उगा लफडं नको."

मी नंदीकडं बोट दाखवलं. "सर, याच्याखाली लिहिलं का, हा बैल नांगराला चालणार नाही म्हणून? त्या पपईच्या चित्राखाली लिहिलं का, खाऊ नये?"

"ते वेगळं."

"वेगळं नाही. तेही चित्र, हेही चित्र. हा कागद राहिला तर मी पाचही काढून नेते आणि बाहेर रस्त्यावर झाडाला टांगते. तिथं नाव मी स्वतः लिहीन!" आवाज चढला होता माझा. लोक वळून बघायला लागले. सर हसले. "कॉलेजातबी अशीच होतीस तू." एकेक कागद फाडला आणि कोरं कार्ड आणून दिलं. मी लिहिलं, मशीनवर लिहिते तसं, सुबक, एका ओळीत — शिवानी. पालम. पुठ्ठ्यावर ऑइलपेंट.

दुपारी व्यंकटराव आलेच. हॉलच्या मधोमध उभे राहून — "या बाईच्या चित्राच्या नादी लागू नका! मी बुडालो!" झालं, पपई आणि नंदी सोडून सगळा हॉल माझ्या भिंतीपुढं! एवढी गर्दी सरांनी आयुष्यात बघितली नसेल.

मी पुढं झाले. "व्यंकटराव, चित्र तुमाला काय म्हणालं? घ्या म्हणालं का इका म्हणालं? त्याला तोंड कुठंय दाखवा."

त्यांनी खरंच तोंड शोधलं! वरपासून खालपर्यंत बघितलं. "तोंड न्हाई," म्हणाले. "पण वैनी..."

"भाव तुमच्या डोक्यात होता. मी फक्त रंग लावला. फायदा तुमचा असतो, मग तोटाबी तुमचाच!"

लोक हसले. व्यंकटराव खाली मान घालून उभे. मला त्यांची दयाच आली, म्हटलं पाणी द्यावं. तेवढ्यात जवळ सरकून हळूच — "वैनी, जाऊ द्या झालं ते. सोमवारी काय व्हईल, तेवढं सांगा!"

रविवार, २३ फेब्रुवारी

संपलं प्रदर्शन. नंदी विकला गेला. पपई पण.

माझ्या भिंतीपुढं दोन्ही दिवस गर्दी, आणि सगळ्यांचा एकच प्रश्न — कुठल्या कंपनीचं? एक रिटायर्ड साहेब उतरत्या लाल रांगेपुढं मान तिरकी करून उभे होते. "दिवाणखान्यात पडती रेघ बरी न्हाई. उलटं टांगायला परवानगी असंल तर घेतो." म्हटलं, "आधी तुमी उलटे व्हा, जमलं तर घेऊन जा!" सर डोक्याला हात लावून बसले.

हरले नाही मी. नाव लागलं, कागद फाटला, आणि एक चित्र उलटं होऊ दिलं नाही. पण एक गोष्ट लिहिते, कारण इथं खोटं लिहून काय उपयोग. मला एक माणूस हवा होता. एक! जो समोर उभा राहील, काही विचारणार नाही, आणि बघेल. बघायला बरं वाटतं म्हणून बघेल. तो आला नाही.

तरी काढणार. कुणी बघो न बघो, पुठ्ठे पुष्कळ आहेत!

सोमवार, २४ फेब्रुवारी

पालम. व्यंकटरावांची ऑर्डर गेली ती गेलीच. पाचही चित्रं परत दुकानात टांगली, बाकासमोरच. श्रीशैलनं हातोडी तेवढी हातात दिली.

बुधवार, २६ फेब्रुवारी. महाशिवरात्र

दुकान बंद. आत्याबाई महादेवाच्या देवळात. बाजारालाही आज सुट्टी, एवढं मला आता कळतं. तरी हा जिन्यात मोबाइल घेऊन बसलेला.

म्हटलं, "अहो, आज बाजार बंद. काईच हालत न्हाई. काय बघायलाव?"

दचकला. मग म्हणाला, "माझं काई न्हाई त्यात. दोन दिवाळ्या झाल्या, सगळं इकून टाकलं."

"मग रोज...?"

त्यानं मोबाइल माझ्याकडं फिरवला. काळ्यावर लाल-हिरव्या कांड्या. वर कंपनीचं नाव नाही. बाजूला भाव नाही. खाली तारीख नाही. सगळं त्यानं काढून टाकलेलं.

"आकडे असले की नीट दिसत न्हाई," म्हणाला.